जीपपर्यंत सोडायला जाणारा वकील

हिंगोलीच्या कोर्टात आम्ही दोघांनी एकाच टेबलावर वकिली केली. कायदा मला जास्त येतो, हे तोही कबूल करायचा. त्याच्या दाव्यांत नुसत्या तारखा पडत. तारीख पडली की मी पक्षकाराला ती बसल्या जागेवरून सांगायचो. हा मात्र काळा कोट खांद्यावर टाकून त्याला गावाकडच्या जीपपर्यंत सोडायला जायचा, ड्रायव्हरला सांगून खिडकीपाशी बसवायचा. मला ते नाटक वाटायचं. त्याच जीपांनी त्याला आमदार केलं.

निवडून आल्यावर साखरा गावच्या एका म्हातारीचा बांधाचा दावा त्याने माझ्याकडे दिला. मी तो जिंकला. परवा तो बाररूममध्ये बसला असताना म्हातारी आली आणि तिने पदरातल्या तुरीच्या शेंगा सरळ त्याच्यापुढे ओतल्या.

“मावशी, दावा यांनी जिंकला,” तो म्हणाला. “मी नुसत्या तारखा घेतल्या.”

“व्हय,” ती म्हणाली, “पण जीपीत तर तुमीच बसवून देत होते.”

त्याने सगळ्या शेंगा माझ्याकडे सरकवल्या आणि तो तिला सोडायला उठला. एकदा तरी आपण जावं, असं मलाही वाटलं. पण तोवर मी शेंग सोलायला घेतली होती.