सातव्या साधनातली खोट

हे मी नवऱ्यालाही सांगितलेलं नाही. आणि नवऱ्याला मी सगळं सांगते हो — हळदीला कोण कोणाशी भांडलं, कुणाच्या पत्रिकेत आत्याचं नाव राहून गेलं, सगळं. एवढंच तेवढं पोटात ठेवलं. आज तुम्हाला का सांगतेय? — तुम्ही समोर नाही आहात, म्हणून असेल.

भिवंडीत धामणकर नाक्यावर माझं टायपिंगचं दुकान होतं. एक कॉम्प्युटर, एक प्रिंटर, लग्नपत्रिकांच्या नमुन्यांची फाइल आणि मनात येईल तेव्हा जाणारी वीज. दोन हजार चार साल असेल. एक दिवस जवळच्या अंजूर गावचे एक आबा शेअर रिक्षातून उतरले, कापडात गुंडाळलेली पोथी छातीशी धरून. नादसाधनांची पोथी! कुण्या पूर्वजाने शेकडो वर्षांमागे लिहिलेली, पुढे प्रत्येक पिढीने जपलेली. आवाजावर चालणारी सात जादूची साधनं कशी घडवायची, ते तिच्यात होतं. वेळूची नळी फुंकली की चुकलेली गुरं घरी येणार. मडकं घुमवलं की उंदीर पळणार. काशाचं ताट बडवलं की घरातलं भांडण थांबणार.

आबांनी चाळीस वर्षांत सहा साधनं केली होती. एकही चालत नव्हतं. ताट तेवढं थोडंफार चालायचं — ते बडवलं की दोन्ही सुना आपसातलं भांडण सोडून आबांवर धावायच्या. गाव हसायचं, आबाही हसायचे. कारण त्यांचे वडील सांगून गेले होते, सातवं वाजलं की बाकीची सहा जिवंत होतात. पण सहा पुरी झाल्याशिवाय सातवा अध्याय उघडायचा नाही, हा त्या घरचा नेम. आबांनी तो पाळला. सहावं साधन पुरं झालं, तोवर डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता.

"बाय, मोठ्या अक्षरान काडून दे, मंग मी वाचीन," म्हणाले. सातवा अध्याय लाल दोऱ्याने वेगळा बांधलेला होता.

सहा अध्याय मी टाइप केले. आणि सातवा — आता आलं बघा. लगीनसराई होती. रद्दीवाला दारात, मी फोनवर, आणि चुकलेल्या पत्रिकांच्या गठ्ठ्याबरोबर तो लाल दोराही गेला. दोन दिवसांनी लक्षात आलं. धावत गेले, तोवर त्या पानांच्या पुड्या होऊन भेळवाल्याकडे पोचल्या होत्या. मी त्यातली ओळही वाचलेली नव्हती.

तेव्हाच सांगायचं ना सरळ? वेंधळेपणा होता, दुसरं काय! पण मी काय केलं? — बसले, आणि सातवा अध्याय स्वतःच लिहिला.

पोथीची भाषा एव्हाना बोटांत बसली होती. 'ऐसें करावें', 'तें जाणावें' — झरझर यायला लागलं. मजा आली, खोटं कशाला सांगू. फक्त हे साधन कधी बनायला नको, म्हणून अटी अशा घातल्या की माणसाने हात टेकावेत. ढोलाला लाकूड बारा वर्षें खाडीत राहिलेलें. कडें सात गावींच्या तांब्याचें. कातडें आपल्या मरणानें मेलेल्या बोकडाचें — आता भिवंडीत बोकड आपल्या मरणाने कधी मरतो? आणि एवढं करून बनलंच, तर शेवटी पळवाट ठेवली: 'वाजविणाराचे मनीं खोट असतां नाद न निघे.' या ओळीवर तर मी भलतीच खूश झाले.

मूळ पानं? हातात चुरा झाली, असं मी सांगितलं. आबांनी तो चुरा मागितला, खाडीत सोडायला. मी एका जुन्या पत्रिकेचा दिला.

आणि आबा वर्षभर फिरले. गुडघे दुखत होते, तरी उन्हातान्हात. बुडालेल्या होडीची फळी मिळाली तेव्हा दुकानात येऊन ओरडले, "गावली गो बाय!" सात गावांत दारोदार जाऊन फुटक्या घागरींचे तुकडे गोळा केले. कामतघरला एका म्हातारीचा लाडका बोकड होता, त्याची पाच महिने विचारपूस करत राहिले. तो गेला तेव्हा दोघांनी मिळून डोळे पुसले. दर खेपेला मी चहा मागवायची. आज सांगू, आज सांगू म्हणत चहा संपायचा.

ढोल झाला. सकाळी सकाळी अंगणात गाव जमलं, मलाही मानाने बोलावलं. आबांनी टिपरू मारलं. भद्द! पुन्हा मारलं. भद्द! लोक हसले. आबा मात्र पहिल्यांदाच हसले नाहीत. मटकन खाली बसले.

"माझेच मनान खोट हाय," म्हणाले.

आणि ती खोट शोधायला लागले, सगळ्यांसमोर. एका आंब्याच्या झाडावरून धाकट्या भावाशी अबोला होता. उठून त्याचे हात धरले. थोरल्या सुनेला सांगितलं, सुक्या सोड्यांची बरणी मांजराने नाही, मीच संपवली. लोक हसत होते, डोळे पुसत होते. मी दुसऱ्या रांगेत उभी. 'आबा, ती ओळ माझी आहे' — एवढंच तर म्हणायचं होतं. म्हटलं का? नाही.

दुपार झाली. पुन्हा टिपरू मारायला आबांचा हात धजेना. ते माझ्या हातात देत म्हणाले, "तू वाजव. तुझे मनान कशी खोट असंल?"

मी मारलं. आणि वाजला! असा वाजला की बंधाऱ्यावरची माणसं धावत आली. सकाळच्या दवाने सैल पडलेलं कातडं उन्हाने ताणलं होतं, एवढंच. पण दोन्ही सुना भांडता भांडता गप्प झाल्या, कुणाची तरी म्हैस हंबरली, आणि साधनं जागी झाली म्हणायला गावाला तेवढं पुरलं. आबांनी मला हात जोडले. मी ते जोडू दिले.

कुणी म्हणेल, भाऊ बोलायला लागला, आबांचं वर्ष मजेत गेलं. गेलं असेल. त्यासाठी काही मी ते केलं नव्हतं. अंजूरात अजून बायका लेकीसुनांना मला दाखवतात — हीच ती, निर्मळ मनाची. मी हसते.

आबा आणखी दोन वर्षं जगले. ढोल रोज पुसायचे, उन्हाला ठेवायचे. पण वाजवा म्हटलं की हात मागे घ्यायचे. "माझे हातान नको," म्हणायचे. चाळीस वर्षं ज्याची वाट पाहिली तो ढोल त्यांनी पुन्हा वाजवला नाही. खोट आपल्यात आहे, असं धरून गेले. ती माझ्यात होती.