कॅन्टनचा हंगाम

नाशिकहून निघालो तेव्हा मार्च अर्धा सरला होता आणि पंचवटीतल्या आमच्या गल्लीत सकाळी अकरालाच ऊन टोचत होतं. बॅगेत बायकोने आग्रहाने भरलेले दोन स्वेटर, रक्तदाबाच्या गोळ्या, चिवडा आणि नानखटाईचा एक डबा. डबा शबानाचा होता. त्यासाठीच ती मालेगावहून एसटीने आली होती.

शबाना म्हणजे इक्बालची बायको. इक्बाल माझा विद्यार्थी. मालेगावच्या शाळेत मी सव्वीस वर्षं इतिहास शिकवला, त्यात लक्षात राहिलेल्या मुलांपैकी तो एक. यंत्रमागाचे सुटे भाग आणायला म्हणून तो चीनला गेला, मग तिथेच राहून साडीच्या लेस आणि किनारी परदेशी पाठवू लागला. सुरुवातीला ईदला यायचा. गेली चार वर्षं तो आला नव्हता.

“सर, फोनवर नुसतं हो हो करतात,” शबाना म्हणाली होती. “तुमचं ऐकतील. तुम्ही घेऊन या त्यांना.”

मला जायचंच होतं. ज्या कॅन्टन बंदरावर मी दर वर्षी धडा घेतला, ते कधी पाहिलं नव्हतं. आता त्याला ग्वांगचौ म्हणतात. निरोप पोहोचवण्याचं काम हातात आल्यावर बायकोही जा म्हणाली.

बँकॉकला विमान बदलून ग्वांगचौला उतरलो तर शहर दिसलंच नाही. सगळीकडे राखाडी धुकं. इक्बाल विमानतळाच्या दारात उभा होता. दाढी पांढरी झाली होती, आणि तो माझ्यापेक्षा तेवीस वर्षांनी लहान आहे. त्याने दोन्ही हातांनी माझा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही.

“सर, चुकीच्या दिवसांत आलात. हुईनानथ्येन सुरू आहे.” (हुईनानथ्येन म्हणजे दक्षिणेकडून ओलसर वारा परतण्याचे दिवस.)

पाऊस नव्हता, तरी जिन्याच्या भिंतींवरून पाणी ओघळत होतं, फरशीवर पाऊल सरकत होतं. धुतलेला शर्ट मी निघेपर्यंत वाळला नाही. इक्बालची खोली श्याओपेइ भागात होती. एके काळी या गल्लीत आफ्रिका, येमेन, बांगलादेश, कुठकुठले व्यापारी खांद्याला खांदा लावून चालायचे, असं तो सांगत होता. महामारीनंतर बहुतेक परतले. अरबी पाट्या अजून लटकत होत्या, त्यांच्याखालची शटर बंद. खालच्या हॉटेलात आम्ही लामियेन (हाताने ओढून केलेल्या शेवया, रश्श्यात) खाल्ल्या. मालकाने इक्बालला न विचारताच जास्तीचं तिखट आणून ठेवलं.

दुसऱ्या दिवशी त्याने मला शीसानहांगला नेलं. इथेच नदीकाठी परदेशी व्यापाऱ्यांच्या तेरा वखारी होत्या. आता तिथे कपड्यांचा घाऊक बाजार आहे. कमरेएवढ्या गाठोड्यांच्या हातगाड्या अंगावर येत होत्या. वखारीचा एक दगडही दिसला नाही. मी गर्दीतच शिकवायला लागलो, सवय जात नाही.

“परदेशी माणसाला शहराच्या कोटात पाऊल टाकायची मनाई. राहायचं ते वखारीत, तेही हंगामापुरतं. हंगाम संपला की सगळ्यांनी मकावला निघून जायचं. बायकांना इथे आणायला बंदी.”

“मग सर,” इक्बालने विचारलं, “वर्षानुवर्षं येणारे असतील ना? त्यांची इथे झालेली पोरं?”

“पुस्तकात नाही त्याबद्दल.”

एक हातगाडी जाऊ द्यायला आम्ही भिंतीला चिकटलो, तेव्हा मी शबानाचा निरोप दिला. बरंच पाठ करून आलो होतो, पण तीन वाक्यांत संपलं.

“येतोय मी, सर,” तो म्हणाला. “व्हिसा एप्रिलअखेर संपतोय. धंदा उरला नाही, पुढचा व्हिसा मिळत नाही. तुम्ही आला नसतात तरी यावंच लागणार होतं.”

मला इतका आनंद झाला की मी त्याची पाठ थोपटली. त्याच्या चेहऱ्याकडे मी पाहिलंच नाही.

तिसऱ्या दिवशी दुपारी तो म्हणाला, “चला, एका ठिकाणी जायचंय,” आणि शबानाचा डबा पिशवीत घातला. आम्ही एका शाळेच्या फाटकाशी उभे राहिलो. आजीआजोबांच्या घोळक्यात तो एकटाच परदेशी. मुलं रांगेने बाहेर आली. निळ्या गणवेशातली एक मुलगी धावत येऊन त्याच्या कमरेला बिलगली.

“नूर,” तो माझ्याकडे न बघता म्हणाला. “तिसरीत आहे.”

तिने फुटपाथवरच डबा उघडला. पहिली नानखटाई मला दिली.

संध्याकाळी तिची आई भेटली. लान तिचं नाव. कापड बाजारात लेसच्या दुकानात काम करते. ठेंगणी, थकलेली बाई. तिने माझ्यासमोर चोक ठेवलं. ही तांदळाची पेज, आपल्या आजारपणातल्या पेजेसारखीच, फक्त वरून आलं. लान आणि इक्बाल फारसं बोलत नव्हते. भांडण नव्हतं, सगळं बोलून झालेल्या माणसांसारखं होतं.

मला राग आला होता. खोलीवर येताना मी विचारलं, “शबानाचा काही विचार केलास?”

“रोज करतो.”

“आणि लानशी लग्न?”

“निकाह झाला. सरकारी नोंद नाही. नोंदीला मी अविवाहित असल्याचा दाखला लागतो, तो मी कुठून आणू? नूरच्या जन्माच्या कागदावर बापाचा रकाना रिकामा आहे, सर. तिच्यासाठी म्हणून व्हिसा मागायला गेलो तर विचारतील, तू कोण?”

त्याला झापायचं मी ठरवलं होतं. शाळेत एकदा छडी मारली होती मी त्याला. त्या जिन्यात मात्र मी ओल्या भिंतीचा आधार घेत पुढची पायरी चढलो.

रविवारी आम्ही तिघं फेरीबोटीने छांगचौ बेटावर गेलो. या बेटाजवळ परदेशी जहाजं नांगर टाकत, आणि मुंबईच्या पारशी व्यापाऱ्यांच्या कबरी तिथल्या टेकडीवर आहेत, एवढं मी वाचलं होतं. नदीचं पाणी धुक्यात विरघळलेलं. नूर कठड्याशी उभी राहून बापाला काहीतरी विचारत होती.

“काय म्हणतेय?”

“मालेगाव इथून किती स्टेशनं आहे, विचारतेय.”

“मग काय सांगितलंस?”

“खूप.”

टेकडीची वाट शेवाळाने माखलेली होती. अर्ध्यावर माझा पाय सटकला, मी गुडघ्यावर आपटलो आणि चष्म्याची एक काच तडकली. पुढचं सगळं मी त्या चिरेतूनच पाहिलं. झाडीत ग्रॅनाइटच्या कबरी होत्या, काळ्या पडलेल्या. अक्षरं झिजली होती. मी बोट फिरवलं तर खाली गुजराती वळण लागलं. नूरने ओल्या पानांनी एक दगड पुसून दिला.

“हे काय विकायचे, सर?”

“कापूस. आणि अफू. माळव्यातली अफू आग्रा रोडने मुंबईला उतरायची, तिथून इथे. आपल्या मालेगाव, चांदवडवरूनच गाड्या जायच्या. मी तो रस्ता शिकवला, अफू शिकवली, पण दोन्ही एकत्र कधी शिकवलं नाही.”

इक्बालने सगळ्या कबरींवरून नजर फिरवली. “घरी कळवायला किती महिने लागले असतील?” एवढंच म्हणाला. मी त्या दोघांचा तिथे एक फोटो काढला. काढू नये असं वाटत होतं, तरी काढला.

निघायच्या दिवशी लान विमानतळावर आली नाही. नूर आली. तिने पाठ करून आणलेलं वाक्य म्हटलं, “दादा, फिर आना.” (दादा म्हणजे आजोबा.) तिला ते कोणी शिकवलं, हे विचारायची गरज नव्हती.

नाशिकला एक दिवस थांबलो आणि मालेगावची बस धरली. शबानाच्या घरापर्यंत दोन्ही बाजूंनी मागांची खडखड. तिने पाणी दिलं, समोर बसली.

“येतोय तो,” मी म्हणालो. “एप्रिलअखेर. कायमचा.”

तिने डोक्यावरची ओढणी सारखी केली. शेजारचा माग मध्येच बंद पडला, आणि त्या शांततेत तिने विचारलं, “मुलगी कितवीत आहे, सर?”

मी ग्लास खाली ठेवला.

“एकदा फोन तिनेच उचलला होता. तीन वर्षं झाली. तिकडच्या भाषेत बोलली, मग पापा पापा करत पळाली.” ती माझ्या हाताकडे बघत होती. “फोटो असेल ना तुमच्याकडे?”

मी नाही म्हणू शकलो असतो. फोन तिच्या हातात दिला. तिने दोन बोटांनी फोटो मोठा केला. आधी नवरा पाहिला, मग मुलीवर थांबली.

“कान यांच्यासारखे आहेत,” ती म्हणाली. मग फोन परत देत विचारलं, “तिला सोडून येतायत ते?”

“यावं लागतंय त्याला.”

“माझ्यासाठी नाही ना, मग.” ती उठली आणि चहा टाकायला आत गेली.

परतीच्या बसमध्ये चांदवडचा घाट आला तेव्हा इक्बालचा संदेश आला. शबानाला काय सांगितलंत, एवढंच विचारलं होतं. मी लिहिलं, तिला तीन वर्षांपासून माहीत आहे. त्याने वाचल्याची खूण उमटली.

सव्वीस वर्षं मी परीक्षेत एक प्रश्न घालत असे : कॅन्टनचे परदेशी व्यापारी काय नेत आणि काय आणत? चहा, रेशीम, चिनीमाती लिहिलं की मी पूर्ण गुण द्यायचो. ओझर मागे पडलं, नाशिकच्या वेशीवरची होर्डिंग्ज दिसू लागली. तडकलेला चष्मा काढून मी खिशात ठेवला आणि उरलेला रस्ता अंधुकच राहू दिला.