सामोआचा नाच, साताऱ्याची पावलं

आमच्या कंपनीतल्या एचआरच्या बाईंची ठाम समजूत होती, की युरोपाबाहेरून आलेली सगळी माणसं एकमेकांना ओळखतात. म्हणून नवा माणूस रुजू झाला तेव्हा त्या त्याला सरळ माझ्या टेबलापाशी घेऊन आल्या. "आल्झो, चला तर, तुमचं दोघांचं छान जमेल," म्हणाल्या. माझं गाव सातारा जिल्ह्यातलं. त्याचं बालपण ऑकलंडच्या एका उपनगरात गेलेलं, आईवडील सामोआ बेटांवरचे. मधे महासागर आणि वर अख्खा ऑस्ट्रेलिया. पण बाईंच्या नकाशात आम्ही शेजारी होतो. मला राग आला. मला राग लवकर येतो, हे आधीच सांगून टाकलेलं बरं.

आमची कंपनी ड्युसेलडॉर्फमध्ये पंप बनवायची. दोन हजार दहानंतरच्या त्या वर्षांत सगळ्याच कंपन्यांना एकाएकी कर्मचाऱ्यांच्या मनाची काळजी वाटायला लागली होती. पगारवाढ सोडून बाकी काहीही द्यायची तयारी होती. आधी फळांची टोपली आली, मग बटण दाबल्यावर वरखाली होणारी टेबलं आली, आणि मग हा आला, संघभावना शिकवायला. आमच्याकडे कबड्डीत खेळाडूला गडी म्हणतात. मी त्याला मनात तेच नाव दिलं, आणि इथेही तेच चालू ठेवतो.

गडी व्यावसायिक रग्बी लीग खेळलेला. रग्बी दोन तऱ्हेची असते: एक पंधरा जणांची, जी लोकांना ऐकून माहीत असते, आणि दुसरी तेरा जणांची, जी कुणाला माहीत नसते. गड्याने उमेदीची सगळी वर्षं या दुसरीला दिली. त्याचं काम फार सोपं होतं. चेंडू पोटाशी धरायचा आणि समोरच्या तिघांच्या अंगावर सरळ धावत जायचं. ते पाडतात. मग उठायचं, चेंडू पायाने मागच्या खेळाडूकडे सरकवायचा आणि पुन्हा तेच. "हुशार लोक कडेला खेळतात," तो म्हणायचा. "मी कायम मधे."

ऑकलंडहून तो सिडनीला गेला, तिथे बहुतेक दुसऱ्या फळीत खेळला. तिथून उत्तर इंग्लंडातलं एक गाव, जिथली खाण बंद झाली होती आणि संघ बंद व्हायच्या बेतात होता. तिथून फ्रान्स. प्रत्येक बदलीबरोबर मैदान लहान होत गेलं, पाऊस वाढत गेला आणि गुडघा सुजत गेला. सामोआच्या राष्ट्रीय संघात एकदा राखीव म्हणून नाव लागलं. पण सामन्याआधीच तो गुडघा गेला. ज्या जर्मन फिजिओथेरपिस्टने तो दुरुस्त केला, तिच्याशी त्याने लग्न केलं. गुडघा अजून चालतोय, लग्न केव्हाच मोडलं.

एक मुलगी मात्र होती, पहिलीतली, आईजवळ इथेच राहणारी. ती दर बुधवारी आणि एकाआड एक शनिवारी त्याला भेटायची. तो इंग्रजीत बोलायचा, ती जर्मनमध्ये उत्तरं द्यायची. ही नोकरी टिकली तर त्याला इथे राहता येणार होतं. नाही तर ऑकलंडला भावाच्या हाताखाली बांधकामावर, आणि मग मुलगी मोबाइलच्या पडद्यावर, तीही तिला वेळ असेल तेव्हा. नोकरी अजून प्रोबेत्साइटमध्ये, म्हणजे परीक्षेच्या महिन्यांत होती.

शिकवायचा तो चांगलं. हिशेब तपासणाऱ्या माणसांना तो हिरवळीवर पडायला आणि पडल्यावर उठायला शिकवायचा. आमचे विभागप्रमुख पहिल्यांदा पडले तेव्हा बराच वेळ आकाशाकडे बघत राहिले. मग "गेनाऊ," म्हणजे अगदी बरोबर, असं म्हणाले आणि उठले. त्या आठवड्यात त्यांनी कुणावरही आवाज चढवला नाही.

पण बाईंना पडणं-उठणं नको होतं. कंपनीच्या उन्हाळी जलशात, जिथे बायकामुलं येतात आणि मालकही येतात, त्यांना युद्धनृत्य हवं होतं. मांड्या थोपटत, जीभ काढून, डोळे वटारून. कँटीनमध्ये गड्याने त्यांना शांतपणे सांगितलं, की तो प्रसिद्ध नाच माओरींचा, सामोआचा वेगळा. बाई म्हणाल्या, "मग तुमचा वेगळा करा, आम्ही फार मोकळ्या मनाचे आहोत." आणि माझ्याकडे वळून म्हणाल्या, "त्याच्या आधी तुम्ही सगळ्यांना थोडं ध्यान शिकवा. तुम्ही बौद्ध ना!"

बाईंच्या न्हाणीघरात साबणाशेजारी बुद्धाचं मुंडकं आहे, हे त्यांनीच मला कौतुकाने सांगितलं होतं. आता त्यांना काय सांगणार! आमच्या घरात बुद्ध म्हणजे सभा. बुद्धजयंतीला माझे वडील माइक बंद पडला तरी भाषण आवरत नसत, आणि आमच्या वस्तीत कुणी गप्प बसलं तर त्याला ताप आलाय का ते बघत. आयुष्यात पाच मिनिटं मी डोळे मिटून बसलो असेन तर ते दंतवैद्याकडे. पण इथल्या महाराष्ट्र मंडळातले आपले लोक गोड हसून "आडनाव काय?" विचारतात आणि उत्तर ऐकून विषय बदलतात, त्यापेक्षा साबणाशेजारचा बुद्ध परवडला, असं म्हणून मी हो म्हटलं. गड्यानेही हो म्हटलं. त्याला दुसरा इलाजच नव्हता.

कँटीनमधून बाहेर पडल्यावर तो म्हणाला, "उसो, मला आमचा नाच येत नाही." उसो म्हणजे भाऊ.

"म्हणजे?"

"आई शिकवायची, चर्चच्या हॉलमध्ये. सगळ्या गल्लीतली पोरं शिकली. मी सरावाला असायचो."

"मग आईला फोन कर."

"ती विचारेल, कशासाठी? जेवण झाल्यावर लोकांच्या करमणुकीसाठी, असं सांगू? मला तिला ते सांगवत नाही."

मी त्याला 'नाचता येईना अंगण वाकडं' ही म्हण इंग्रजीत समजावली. तो म्हणाला, अंगण ठीक आहे, गुडघा वाकडा आहे. मी हसलो, पण तो हसला नाही.

अखेर त्याला घरी जेवायला नेलं आणि बायकोच्या कानावर सगळं घातलं. शाळेत असताना ती लेझीम पथकाची प्रमुख होती. तिने गड्याला नीट न्याहाळलं, सोफा भिंतीला लावायला सांगितला आणि म्हणाली, "अहो, लढाईचाच नाच हवाय ना? मग काय अवघड आहे!"

अशा रीतीने आमच्या दिवाणखान्यात प्रशांत महासागरातली एक प्राचीन परंपरा सुरू झाली. पावलं लेझमीची, लेझमीशिवाय. शड्डू ठोकणं माझ्याकडून. मी कुस्ती कधी खेळलो नाही, पण यात्रेत बघितली पुष्कळ. गड्याने पहिला शड्डू ठोकला तेव्हा खालच्या मजल्यावरच्या आजी तक्रार घेऊन वर आल्या. दार त्यानेच उघडलं. आजींनी मान वर, आणखी वर करत त्याचा चेहरा शोधला, चालू द्या म्हणाल्या आणि गेल्या.

ओरडायला शब्द हवे होते. चर्चमधल्या प्रार्थनेचे सामोअन शब्द वापरायला त्याने साफ नकार दिला. मग लहानपणी आई दुकानात पाठवायची तेव्हा घोकत जायचा ती यादी त्याने काढली: तालो, निऊ, फाई, पिसुपो. म्हणजे अळकुड्या, नारळ, केळी आणि डब्यातलं बीफ. दुसऱ्या फेरीत मी पिसुपोला "हुर्र" जोडलं. बायको म्हणाली, "तुम्ही मधेमधे करू नका."

जलशाच्या दिवशी आधी माझं ध्यान झालं. डोळे मिटा म्हटलं, सगळ्यांनी मिटले. पुढे काय सांगायचं ते मला सुचेना, म्हणून काहीच सांगितलं नाही. नंतर तिघांनी येऊन हात हातात घेतला आणि इतकं खोल मौन कधी अनुभवलं नव्हतं म्हणाले. मग गडी आला, उघड्या अंगाने, कमरेला आमच्या पलंगावरची सोलापुरी चादर गुंडाळून. तो मैदानात उतरला, त्याने मांड्या थोपटल्या, तो गरजला. "पिसुपो!" म्हणून त्याने पाय आपटला तेव्हा सॉसेज भाजणारा माणूस दोन पावलं मागे सरला. मालकांचे डोळे भरून आले. "यात समुद्र ऐकू येतो," ते म्हणाले. नोकरी तिथल्या तिथे पक्की झाली. अट एकच, दरवर्षी नाच.

मी आनंदाने त्याच्याकडे गेलो. तो गवतात बसून गुडघ्याला बर्फ लावत होता आणि त्याला अजिबात आनंद झालेला नव्हता. मुलगी पहिल्या रांगेत होती, हे त्याच्या लक्षात आलं होतं. तिने टाळ्या वाजवल्या नव्हत्या, ती टक लावून बघत होती. त्या संध्याकाळी घरी जाताना तिने वाटभर त्याच्याकडून प्रत्येक पाऊल करून घेतलं. मग शाळेत जाऊन सांगितलं, की हा माझ्या बाबाच्या बेटाचा नाच. शाळेतल्या बाईंनी तिला वर्गापुढे तो करायला लावला.

"मी तिला एकच गोष्ट दिली," गडी नंतर मला म्हणाला, "आणि ती खोटी."

एवढा मोठा माणूस, आणि असं बोलावं लागलं त्याला. फार वाईट वाटलं.

पुढे एका शनिवारी मुलगी त्याच्याकडे मुक्कामाला राहिली, आणि रविवारी सकाळी दोघं आमच्याकडे पोहे खायला आली. ऑकलंडला तेव्हा संध्याकाळ असते, म्हणून त्याने आईला व्हिडिओ फोन लावला. एरवी ही पोर आजीला "हालो" म्हणून पळायची. त्या दिवशी तिने फोन फळांच्या भांड्याला टेकवून उभा केला, मागे सरकली, आणि आम्ही काही बोलायच्या आत नाच सुरू केला. सगळा. पिसुपोसकट.

गड्याने डोळे मिटून घेतले. नाच संपला तशी पडद्यावरची म्हातारी फोनजवळ सरकली.

"हे कुठल्या गावचं?" तिने इंग्रजीत विचारलं.

गडी माझ्याकडे बघायला लागला. मी म्हटलं, "सातारा."

म्हातारीने विचार केला. "दुसऱ्या बेटावर असेल," म्हणाली. "आणि ही बाजाराची यादी कशाला ओरडते?"

तेव्हा मात्र गड्याने सगळं सांगितलं. जलसा, नोकरी, चादर, सगळं, खाली बघत. म्हातारीने मधे एकदाही अडवलं नाही. त्याचं बोलून झाल्यावर ती म्हणाली, "पोरीचे पाय चांगले आहेत. हात नुसतेच आपटतात." मग खुर्ची सरकवल्याचा आवाज आला. ती उभी राहिली, मागे गेली आणि तिने हात उचलले. हळू, मनगटापासून, पाण्यातून काहीतरी वर काढावं तसे. नातीने उचलले. आजी "नको, पुन्हा" म्हणाली. नातीने पुन्हा उचलले. एकीला जर्मन येत नव्हतं, दुसरीला सामोअन, आणि दोघींचं काही अडलं नाही.

मुलीने मागे वळून बघितलं. "पापा, तू पण."

तो टेबलाला धरून उठला आणि तिच्या शेजारी, अगदी फोनसमोर उभा राहिला.

"तू मागच्या रांगेत," आई म्हणाली. "तुला अजून काहीच येत नाही."

तो मागच्या रांगेत गेला आणि त्याने हात उचलले.