हँडबिलावरची राजनंदिनी

जत्रेतल्या नाटकाची हँडबिलं महिनाभर आधी छापून व्हायची. पुरुषांची कामं गावातलेच करत, बाईच्या कामाला सांगलीहून नटी आणायची. राजनंदिनीचं नाव लागलं की मांडव भरे, म्हणून ती एकाच तारखेला दोन गावांच्या सुपाऱ्या घ्यायची. एका गावाला ती जाई, दुसऱ्याला तिच्या जागी गोदावरी. मांडवात पाऊल टाकलं की गोदावरीनं राजनंदिनी व्हायचं. अकरा वर्षं असं चाललं.

आता गोदावरी अडुसष्टची आहे. सांगलीत एका मेसमध्ये पोळ्या लाटते. राजनंदिनी केव्हाच वारली. तिची चौकशी करत वल्लरी आली. ही मुलगी नाटकातल्या बायकांवर प्रबंध लिहिते. तिच्याकडची हँडबिलं गोदावरीनं चाळली आणि नऊ बाजूला काढली.

"ह्यात मी हाय."

"पण मावशी, कागदावर नाव त्यांचं. तुम्हाला तिथं पाहिलेलं कुणी तरी हवं."

आपलं नाव एकदा छापून यावं, असं गोदावरीला वाटलं. तेही कसं, तर दात काढल्यावर जीभ पुन्हा पुन्हा रिकाम्या हिरडीकडं जावी तसं.

कडेगावजवळच्या एका गावात त्या नऊपैकी एका नाटकातले नायक भाऊसो अजून होते. दोघी तिथं गेल्या. गोदावरीला पाहताच ते ओसरीवरून उठलेच.

"आवं राजनंदिनीबाई! आगं, च्या टाक, आपली नटी आलीया!"

"मी गोदावरी."

"मस्करी करताय व्हय? माझी मिशी निसटून तुमच्या खांद्याला चिकटली, तवा तुमी म्हनालासा, 'सरदार, तुमचा मान माझ्याकडं ऱ्हायला.' मांडव लोळला हसून!"

"त्या याच ना?" वल्लरीनं विचारलं.

"ह्याच की!"

"यांचं नाव गोदावरी आहे. तसं लिहून द्याल?"

भाऊसोंचा चेहरा उतरला. "म्हंजी आमी गावाला फसवलं? राजनंदिनी आमच्याकडं आली म्हनून शेजारच्या गावाची जिरवली आमी. आजून टोमणं मारतो त्यास्नी. न्हाई पोरी. राजनंदिनी म्हनून लिव, दोनदा सही करतो."

वल्लरीनं तसं लिहिलेल्या कागदावर त्यांनी एकदाच केली. गोदावरीनं चहा संपवला. गोड फार होता.

परतीच्या गाडीत वल्लरीनं वही उघडली. "भाऊसोंचं म्हणणं मजकुरात घ्यावं लागेल. तुमचं तळटीपेत टाकते."

"ते काय असतं?"

"पानाच्या तळाला. बारीक अक्षरात."

"वाचतं का कोन?"

"परीक्षक वाचतात. कधीकधी."

"टाक मग," गोदावरी म्हणाली, आणि नीट सांगू लागली. आधी आपलं नाव, मग बापाचं. वल्लरी लिहीत होती. आडनावापाशी गोदावरी अडली. माहेरचं सांगावं की सासरचं, तिला ठरवता येईना. बाहेर उसाची शेतं मागं सरत होती. वल्लरी पेन धरून तशीच बसली होती.