तो सुमाक, ते झाड

त्या दिवशी माझे यजमान गाडी गॅरेजमध्ये टाकायला शुवैखला गेले. दुपारी फोन आला. मी टॅक्सीने रुग्णालयात पोचले. ते गेले होते.

डिसेंबर होता. कुवेतमधल्या आमच्या रिग्गईच्या घराबाहेर, जिन्यातल्या खिडकीखाली, मोठ्या कुंडीत एक काडी उभी होती. काडीला सुतळीने पुठ्ठ्याची पाटी बांधलेली होती आणि तिच्यावर यजमानांच्या ठसठशीत अक्षरात लिहिलेलं होतं : ‘मेला नाही.’

पुढचा सगळा वैताग या दोन शब्दांचा आहे, म्हणून आधी काडीबद्दल सांगते.

ते सुमाकचं झाड. इथे सॅलडवर आणि कबाबवर जी आंबट लाल पूड भुरभुरतात, त्या सुमाकचं हे अमेरिका खंडातलं चुलत भावंड. कोवळ्या फांद्यांवर मऊ लव असते, हरणाच्या नव्या शिंगांवर असते तशी, म्हणून तिकडे त्याला शिंगांवरून नाव पडलं आहे. कॅनडात माझ्या दिरांच्या कुंपणाशी ते रानासारखं माजतं. मुळं जमिनीखालून लांब जातात आणि शेजाऱ्याच्या हिरवळीत कोंब वर काढतात. तिथल्या नर्सरीत मात्र तेच झाड शोभेचं म्हणून विकतात, कारण पानगळीच्या आधी ते लालभडक होतं. यजमानांनी त्याच्या मुळाचा तुकडा ओल्या मोज्यात गुंडाळून आणला.

“आम्ही उपटून टाकतो आणि तुम्ही कुंडीत पुजा,” दीर फोनवर म्हणाले.

उन्हाळाभर ते आमच्याबरोबर एसीत राहायचं. थंडीत यजमान त्याला जिन्यात ठेवायचे. त्याला गारवा हवा म्हणे. पानं लाल कधी झाली नाहीत, तपकिरी होऊन गळून गेली. मग नुसती काडी. इमारतीच्या रखवालदाराने ती दोनदा कचऱ्याच्या डब्याशी नेऊन ठेवली, तेव्हा यजमानांनी पाटी लिहिली. रखवालदार इजिप्तचा. त्याला मराठी कुठून येणार, असं मी विचारलं.

“भाव पोचतो,” ते म्हणाले.

“आणि मेला काय? झाड नपुंसकलिंगी आहे. ‘मेलेलं नाही’ लिहा.”

“तो सुमाक.”

“तो कोणी ठरवला?”

“अगं, शिंगं आहेत त्याला. शिंगवाल्याला नपुंसक म्हणशील?”

मी मराठी घेऊन एम. ए. झालेली बाई. मी हा वाद सोडला नव्हता, पुढे ढकलला होता.

यजमान गेल्यावर ओळखीची मराठी माणसं भेटायला येऊ लागली. प्रत्येकजण बेल वाजवून दार उघडेपर्यंत पाटी वाचत उभा. आत आल्यावर माझ्याकडे पाहायची त्यांची नजर वेगळी असे. पहिल्या दिवशी मला कळलंच नाही. दुसऱ्या दिवशी यजमानांचे एक सहकारी खुर्ची जवळ ओढून हळू आवाजात म्हणाले, “वहिनी, स्वीकारावं लागतं.”

“काय?”

त्यांनी दाराकडे पाहिलं.

“अहो, ते झाडाबद्दल आहे,” मी म्हटलं.

“हो, हो. झाडाबद्दलच,” ते म्हणाले. लहान मुलाला म्हणतात तसं.

मला संताप आला. लग्न झाल्यापासून मी यजमानांना ‘अहो’ म्हणत आले. ते गेल्यावर त्यांच्याबद्दल दारात एकेरीत लिहीन? वाचता येणाऱ्या माणसाने एवढा तरी विचार करावा. मी हे व्याकरण दोघा-तिघांना समजावून सांगितलं. त्याने त्यांची खात्रीच पटली. एकीने डॉक्टरांचा नंबर दिला.

“आई, जस्ट टेक इट ऑफ,” लंडनहून आलेली मुलगी म्हणाली.

“का? खोटं आहे का ते?”

ती रडायला लागली. मग मीही. पाटी राहिली.

आम्ही यजमानांना घेऊन पुण्याला गेलो. झाडाला पाणी घालायला म्हणून मी कुंडी वरच्या मजल्यावरच्या ताईंच्या हवाली केली. त्या मूळच्या रत्नागिरीकडच्या, जिवाला जीव देणाऱ्या; पहिले काही दिवस आमचा स्वयंपाक त्यांनीच केला होता. दिवसकार्य आटोपून, मुलीला परत पाठवून मी रिग्गईला आले, तर कुंडीत तुळस.

“वाळकं झाड दारात नको हो, वहिनी,” त्या म्हणाल्या. “मी फहाहीलहून हिला आणलं. बघा कशी टवटवीत आहे.”

“आणि पाटी?”

त्यांनी माझा हात हातात घेतला. “तुमची भावना मी जाणते. कचऱ्यात नाही टाकली. समुद्रात सोडली. हात जोडून.”

“आणि काडी?”

“काडी ना? काडी टाकली कचऱ्यात.”

पुठ्ठ्याचं विसर्जन झालं होतं, आणि वसंतात यजमानांचं म्हणणं खरं करून दाखवणार होतं ते झाड पालिकेच्या गाडीतून गेलं होतं. भांडायला सोय नव्हती. बाईच्या डोळ्यांत पाणी होतं. मी तुळशीला पाणी घालू लागले. रोज घालायचे आणि रोज चरफडायचे. तुळस बिचारी वाढत होती.

मार्चमध्ये एका सकाळी ताई जिना उतरता उतरता थांबल्या. “वहिनी, तुळशीत तण आलंय बघा. केसाळ आहे मेलं. उपटू?”

मी दारातून धावत बाहेर आले. “हात लावू नका! तण नाही. तो सुमाक आहे!”

“तो?” त्या म्हणाल्या. “म्हणजे तुम्ही खरंच झाडाबद्दल...”

मी खाली बसून कोंबावर बोट फिरवलं. मऊ लव होती.

तुळस उपटायला ताई देत नाहीत आणि कोंब मी देत नाही. सुमाकपुढे तुळस टिकणार नाही, असं दीर म्हणतात. दुसरी कुंडी मागवून देऊ का, असं मुलगी विचारते. तिला वाटतं, मी इथल्या दुकानात जायला कंटाळते.

कुंडीत आता एक तुळस आहे आणि सुमाकचे दोन कोंब आहेत. पाटी नाही.