कापलेले ट्यूलिप

मी आष्टी सोडली त्या सकाळी आमच्या अंगणात बियाण्याचे कांदे कापणं चालू होतं. बी धरायचं असेल तर कांद्याचा शेंडा कापून तो औषधाच्या पाण्यात बुडवतात आणि मग सरीत लावतात. कोंब जोमानं येतात, पुढे पांढरे गोंडे. जीप दारात उभी, माझा नवरा नितीन सारखा घड्याळ बघतोय, आणि आई विळीवरून उठायला तयार नाही. "मी न्हाई रडून राह्यले. कांदाच तिखट हाय यंदा," म्हणाली. मग हळूच, "न्हाई करमलं तर बिलकुल लाजू नको. वापस ये."

नितीनला इंग्लंडमध्ये, लीड्सला नोकरी लागली होती. आमचं ठरलं होतं, एप्रिलपर्यंत माझा जीव तिथे रमला नाही तर दोघांनी परत फिरायचं. निर्णय माझ्यावर होता. मला हात हलवत परत जायचं नव्हतं.

घरामागे बाजेएवढी जमीन होती. नोव्हेंबर चालू होता, पहिल्याच आठवड्यात मी ट्यूलिपच्या कंदांची जाळीदार पिशवी विकत आणली. शेजारच्या जीनबाई कुंपणावरून काहीबाही सांगत होत्या, मी नुसती मान हलवली. शेतकऱ्याची लेक मी, मला कंद लावायला कोण शिकवणार? दिसायलाही ते थेट कांद्यासारखे, तसंच तपकिरी साल. मी सुरी घेऊन बसले, एकूण एक शेंडा उडवला, लावले आणि आईला फोटो पाठवला. आईचा निरोप आला, "बराबर."

हिवाळाभर बसच्या वाटा पाठ केल्या, एका शाळेच्या स्वयंपाकघरात काम धरलं. दुपारी चारलाच अंधार पडायचा तेव्हा आष्टीच्या बाजाराची फार आठवण यायची.

एप्रिलमध्ये सगळी गल्ली लाल-पिवळी झाली. माझ्या वाफ्यात नुसती पानं, तीही नवशिक्या न्हाव्यानं कापल्यासारखी सपाट. जीनबाईंनी वाकून पाहिलं, कारण विचारलं आणि हसता हसता पायरीवर बसल्या. ट्यूलिपचं फूल लावणीच्या आधीच कंदात तयार असतं म्हणे, थंडीभर आत झोपून राहतं. म्हणजे मी फुलांचीच मुंडकी उडवली होती. मीही हसले. आत जाऊन मात्र रडले, आणि तिथे कांद्याचं निमित्तही नव्हतं.

"तिकिटं बघू का?" संध्याकाळी नितीननं जपून विचारलं. मला त्याचा भयंकर राग आला.

"नको. मला अजून एक नोव्हेंबर पाहिजे."

त्या नोव्हेंबरात अख्खे कंद लावले, टोक वर करून, वीतभर खोल. खारी उकरतात म्हणून वर जाळी टाकली. वसंतात फुलं आली. सुकली तशी बियांची बोंडं मोडली, पण पानं पिवळी पडेपर्यंत कुणाला हात लावू दिला नाही, कारण कंद त्यांच्यावरच पोसतो. आई फोनवर बघत होती. "बी न्हाई धरायचं? मंग लावतेस कशाला?"

"बघायला."

तिला ते काही पटलं नाही. तिच्या हिशोबी मी अजून 'तिकडं'च होते. घर म्हणजे आष्टी, बाकी सगळं तिकडं. माझ्यासारखे जे बाहेर पडलेत, त्यांच्याही आया हेच म्हणत असतील.

यंदा दिवाळीला तिचा फोन आला तेव्हा मी वाफ्यातच होते. मला वाटलं, नेहमीसारखी जल्दी ये म्हणेल. मीच म्हटलं, "येते आई, उद्याच तिकीट काढते."

"हातात काय हाय?"

"कंद. अर्धा वाफा राहिलाय."

"मंग लावणी उरक आधी. आपलं रान अर्ध्यावर टाकून कोनी येतं का?"

आपलं रान! आई पुढे माती किती ओली आहे, ते विचारत राहिली. मी फोन कानाशी धरून मूठभर माती दाबून पाहिली, ना चिखल ना कोरडी, लावणीला नेमकी, आणि सांगितलं, "वाफसा आहे आई. लावते."