तान्हीच्या कानात गेलेली ओळ

अर्धी भांडी घासून झाली होती, अर्धी तशीच खरकटी पडली होती, तेवढ्यात थोरल्या जाऊबाई मोरीच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. चेहरा पांढराफटक.

"अगं, माझी ओळ गेली."

मला वाटलं, चेष्टा करताहेत. जाऊबाई आमच्या गल्लीतल्या गादीवाल्या. सुई वीतभर, जीभ हातभर. गिऱ्हाईकाला तोंडावर सांगतील, "गादीला काही झालेलं नाही, झोप का येत नाही ते मनाला विचारा." त्यांना रडताना मी एकदाच पाहिलं होतं, सासूबाई गेल्या तेव्हा. जाता जाता सासूबाईंनी आमच्या घराची ओळ त्यांच्या कानात गुणगुणली होती.

तळ्याचं स्तोत्र एकट्या कुणाचं नाही. घराघरात एकेक ओळ. ओठ कानाला लावून गुणगुणली की ती त्या कानात जाते आणि देणाऱ्याच्या गळ्यातून पुसली जाते. पुनवेच्या संध्याकाळी सगळी घरं गाणघरात जमतात, आपापली ओळ लावतात, आणि तळ्यावरचं धुकं मागे सरतं. एक ओळ जरी गळली तरी धुकं घाटाच्या पायऱ्या चढून गल्लीत येतं, ज्याला शिवेल त्याचा आवाज घेऊन जातं. समोरचा कल्हईवाला अजून खुणांनीच बोलतो.

पुनव आजच.

"कुणाला दिलीत, ताई?"

"दिली कुठे! नातीला दात येताहेत, सकाळपासून किंचाळत होती. उराशी धरून गुणगुणत बसले. ती गप्प झाली आणि माझ्या गळ्यात नुसती हवा!"

म्हणून तर ओळ राखणारी बाई मूल निजवताना तोंड फिरवून बसते. एवढं साधं पथ्य. पण पोर रडत असताना पथ्य आठवतं कुणाला?

"तिच्याकडून परत घेता येईल?"

"कशी? तिला कान म्हणजे चावायची वस्तू!"

खुळखुळा वाजवला, दूध पाजलं, टाळ्या पिटल्या. पोर हसली, शिंकली, गायली नाही. मी ओल्या हातांनीच देवापुढे उभी राहिले. देवा, चुकली ती आजी, शिक्षा गल्लीला नको.

जाऊबाईंना रिकामं बसवत नाही. अर्धवट शिवलेली गादी पुढ्यात ओढून त्यांनी टाका घातला. जाड दोरा कापसातून सर्र करत निघाला, आणि मागून नातीच्या बोळक्या तोंडातून आमची ओळ आली. सासूबाईंची. तीच लकेर, तोच शेवटचा हेलकावा. दोरा थांबला, ओळ थांबली. पुन्हा ओढला, पुन्हा आली. बारीक दोऱ्याने करून पाहिलं, तर पोरीने नुसती जांभई दिली.

गाणघराच्या बुवांना गाठून विचारलं, नातीसोबत गादी आणून तिथेच शिवत बसलो तर चालेल का, तर ते म्हणाले, "गादी आणणार? गायला येताय की झोपायला?"

"बुवा, झोप उडाली म्हणूनच आलोय," जाऊबाई म्हणाल्या. नेहमीची धार नव्हती.

बुवांनी खिडकीतून खाली पाहिलं. धुकं घाटाच्या पहिल्या पायरीला लागलं होतं. त्यांचं हसू मावळलं. "या घेऊन. पण तुमच्या ओळीवर सुई अडता कामा नये. मध्येच दोरा संपला तर माझ्या हातात काही नाही."

घरी येऊन जाड दोऱ्याचं रीळ पाहिलं. लाकूड दिसायला लागलंय. जाऊबाई शिवता शिवता रोज म्हणतात, उद्या आणू, उद्या आणू. आता त्या उशिरा पथ्य आठवून नातीला मांडीवर घेऊन मान दुसरीकडे वळवून बसल्या आहेत, श्वाससुद्धा जपून घेतात. आणि दोऱ्याचं दुकान दुपारचं बंद. ते उघडेपर्यंत जीव थाऱ्यावर राहावा म्हणून हे लिहितेय. पोर आत्ताच झोपेत कुरकुरली, तर आम्ही दोघी दचकलो. संध्याकाळी तिला ऐन वेळी झोप लागली तर? देवा, तूच जागा राहा.

दुकानाच्या फळ्या निघाल्याचा आवाज आला. भांडी राहू देत. मी जाड दोऱ्याचं रीळ आणायला निघाले.